हिरवा रुमाल निळा कसा झाला?

पांढरा सुती रुमाल निळीच्या रांजणात बुडवला आणि पाच-दहा मिनिटांनी बाहेर काढला, तर त्याचा रंग कोणता असेल? हा प्रश्न मी वर्गात विचारला तेव्हा सगळी मुले एका सुरात ‘निळा’ म्हणाली. मला विचारले असते तर मीही तेच म्हणालो असतो. पण गेल्या डिसेंबरात वर्धा जिल्ह्यात हिंडत असताना हा प्रयोग मी स्वतःच्या हाताने करून पाहिला. रुमाल बाहेर आला तो पिवळट हिरवा, कच्च्या लिंबाच्या सालीसारखा! मी काही बोलायच्या आत त्याच्या कडा काळवंडल्यासारख्या झाल्या, मग घड्यांच्या रेषा निळ्या उठल्या, आणि दोन-तीन मिनिटांत सबंध रुमाल निळा झाला. वरून कोणी रंग ओतला नव्हता. रुमाल नुसता हवेत धरलेला होता.

आपल्या ओळखीचे रंग असे वागत नाहीत. हळदीचे पाणी पिवळे असते आणि त्यात बुडालेले कापडही पिवळे होते. होळीसाठी पळसाची फुले उकळली की पाणी केशरी होते आणि सदराही केशरी. मग निळीनेच असे सोंग का आणावे? या प्रश्नाचे उत्तर शोधता शोधता आपल्याला रसायनशास्त्राचा एक महत्त्वाचा धडा शिकायला मिळतो. त्यासाठी मला मात्र एक चूक करावी लागली. ती पुढे सांगतो.

वर्ध्याला आलेला प्रवासी सेवाग्रामचा आश्रम पाहतो, धाम नदीकाठी पवनारला जातो आणि गीताई मंदिराजवळचा पांढराशुभ्र विश्वशांतिस्तूपही पाहतो. हा स्तूप जपानी बौद्ध भिक्षू निचिदात्सु फुजी यांच्या पंथाने उभारलेला आहे. फुजी गुरुजी १९३३ साली गांधीजींना भेटायला वर्ध्याला आले होते, तेव्हापासूनचा हा संबंध. स्तूपाच्या पायऱ्यांवर बसलो असताना मला जपानच्या निळीची आठवण झाली. जपानी लोक निळीला ‘आइ’ म्हणतात. (आपल्या कानाला हा शब्द मोठा जवळचा वाटतो, पण अर्थाचा काही संबंध नाही.) तिकडे जाणारे प्रवासी हौसेने एखाद्या रंगाऱ्याच्या घरी जातात, बाह्या सरसावून कापड रंगवतात आणि निळी नखे घेऊन परत येतात. माझ्यासारख्या शाळामास्तराला शिकोकू बेटावर जाणे कुठून परवडणार! पण ज्या झाडाच्या रंगाला जगाने ‘इंडिगो’, म्हणजे ‘हिंदुस्थानचा’, असे नाव दिले ते झाड तर आपलेच. शिवाय मी बसलो होतो तो जिल्हा कापसाचा. हिंगणघाटचा कापूस एकोणिसाव्या शतकात या नावानेच बाजारात ओळखला जाई. आणि वर्ध्यातच मगन संग्रहालय आहे. १९३८ साली गांधीजींच्या हस्ते उघडलेले हे ग्रामोद्योगांचे संग्रहालय. खादी आणि वनस्पतींपासून मिळणारे रंग यांवर या संस्थेत आजही काम चालते. तेव्हा जपान राहू दे, इथलाच रांजण पाहू, असे मी ठरवले आणि विचारत विचारत एका छोट्या रंगशाळेत जाऊन पोचलो.

पाल्यातून नीळ

रांजणाकडे वळण्यापूर्वी नीळ येते कुठून ते पाहू. आधी एक गोंधळ दूर करतो. पांढऱ्या कपड्यांना घालायची पुडीतली नीळ ही ती नव्हे. ती बहुधा अल्ट्रामरीन नावाची खनिज भुकटी असते. चिनी माती, सोडा व गंधक यांच्यापासून ती कारखान्यात तयार करतात. आपण बोलत आहोत ती नीळ झाडापासून मिळते. हे झुडूप कमरेएवढे वाढते, पाने संयुक्त, फुले लहान व गुलाबी, शेंगा बारीक. कूळ तुरीचे. शास्त्रीय नाव इंडिगोफेरा टिंक्टोरिया.

या झाडाचा पाला तुम्ही कितीही निरखून पाहा, त्यात निळेपणाचा मागमूस दिसणार नाही. कारण झाडात नीळ नसतेच. असते ते ‘इंडिकन’ नावाचे रंगहीन द्रव्य. त्याचा रेणू दोन भागांचा बनलेला असतो: एक भाग ग्लुकोज साखरेचा आणि दुसरा ‘इंडॉक्सिल’ नावाच्या पदार्थाचा. पाला हौदात पाण्याखाली दाबून ठेवला की पानातलीच विकरे इंडिकनचे हे दोन तुकडे करतात. पाणी पिवळट हिरवे होते. मग ते खालच्या हौदात सोडून माणसे त्यात उतरतात आणि वल्ह्यांनी किंवा हातापायांनी ते तासन्‌तास घुसळतात. घुसळण्याने हवा पाण्यात मिसळते. इंडॉक्सिलचे दोन-दोन रेणू हवेतल्या ऑक्सिजनच्या साहाय्याने जोडले जातात आणि निळीचा एक रेणू बनतो. नीळ पाण्यात विरघळत नाही, म्हणून ती गाळ होऊन तळाशी बसते. तो गाळ उकळून, गाळून, दाबून, वाळवून त्याच्या वड्या पाडतात. शंभर किलो हिरव्या पाल्यातून साधारण पाव ते अर्धा किलो नीळ मिळते.

‘पाण्यात विरघळत नाही’ हे शब्द लक्षात ठेवा. सगळी गोष्ट त्यांच्याभोवती फिरते. हळदीने, मंजिष्ठाने किंवा डाळिंबाच्या सालीने कापड रंगवताना रंग पाण्यात उतरतो, पाण्यावाटे धाग्यात शिरतो, आणि तुरटीसारखे रंगबंधक असेल तर धाग्याला धरून बसतो. निळीची वडी कुटून पाण्यात टाकली तर मात्र नुसता निळा चिखल होतो. त्यात तुरटी टाका, पाणी उकळा, कापड रात्रभर भिजवा. धुतल्यावर कापड पुन्हा पांढरेच. नीळ अल्कोहोलात विरघळत नाही, पातळ आम्लातही नाही. मग ती धाग्याच्या आत न्यायची कशी?

आमच्या पूर्वजांनी याचे उत्तर रसायनशास्त्राचा एक शब्दही माहीत नसताना शोधून काढले. आणि ते एकट्या आपल्याच पूर्वजांनी नव्हे. पेरू देशात ह्वाका प्रिएता येथे निळीने रंगवलेले सुती कापडाचे तुकडे सापडले, ते सुमारे सहा हजार वर्षांपूर्वीचे आहेत. आफ्रिका, युरोप, चीन, जपान अशा सर्व ठिकाणी, निरनिराळ्या झाडांपासून, माणसे याच एका उपायापर्यंत पोचली. तो उपाय असा: निळीचे निळेपण काही काळ घालवून टाकायचे.

माझी चूक

रंगशाळा म्हणजे पत्र्याचे छप्पर असलेली पडवी. कोपऱ्यात तीन रांजण गळ्यापर्यंत जमिनीत पुरलेले, वर लाकडी झाकणे, झाकणांवर गोणपाट. शेजारी चुलीवर पऱ्हाट्यांच्या जाळावर पाणी तापत होते. (पऱ्हाट्या म्हणजे कापूस वेचून झाल्यावर उरलेली झाडे, या भागातले हे हुकमी सरपण.) काम पाहणाऱ्या मावशींचे हात मनगटाच्या वरपर्यंत निळे होते. त्यांनी एक झाकण काढले. आत निळ्या पाण्याऐवजी दिसली वर तांब्यासारखी चमकणारी साय आणि मधोमध निळ्या फेसाचा पुंजका. साय बोटाने बाजूला सारली तर खालचे पाणी सोनेरी पिवळे. वास मात्र सोनेरी नव्हता. गोठा आणि आंबलेली कणीक यांच्या मधला काहीतरी.

मावशींनी मला खादीचा एक रुमाल दिला. तो आधी सोड्याच्या पाण्यात उकळून घेतलेला होता. कोऱ्या कापसावर निसर्गतः मेणाचा पातळ थर असतो, तो गेल्याशिवाय कापड पाणी पीत नाही. ‘ओला करा, चांगला पिळा, मग सोडा आत. हळू,’ एवढेच त्या म्हणाल्या आणि दुसऱ्या कामाला वळल्या.

मी रुमाल आत सोडला आणि वसतिगृहात कपडे धुण्याची जुनी सवय असल्यामुळे त्याला चांगला खळबळला. वर काढला, पुन्हा आपटला, पुन्हा वर काढला. रंग सगळीकडे सारखा लागावा, हा हेतू. मावशी धावतच आल्या. ‘काहून घाई करता जी सर? रांजण मारून टाकाल!’

तोपर्यंत व्हायचे ते झाले होते. सोनेरी पाणी गढूळ हिरवे झाले, मग निळसर. माझा रुमाल बाहेर आला तो डागाळलेला, कुठे गडद, कुठे फिका. वाळल्यावर त्यावर बोट घासले तर बोट निळे! आणि त्याहून वाईट म्हणजे त्या रांजणात त्या दिवशी आणखी कापड रंगवता येणार नव्हते. मावशींनी त्यात गूळ घातला, काठीने हलकेच ढवळले, झाकण लावले, गोणपाट गुंडाळले. ‘आता झोपू द्या त्याले. उद्या पाहू.’ दोऱ्यांच्या आठ गुंड्या रंगवायच्या शिल्लक होत्या, त्या तशाच राहिल्या. मी भरपाई देऊ केली, ती त्यांनी घेतली नाही. ‘उद्या या,’ म्हणाल्या. धर्मशाळेतल्या त्या रात्री मी वहीत जे मांडले, तेच आता तुमच्यापुढे मांडतो.

रांजणात काय घडते?

निळीच्या एका रेणूत कार्बनचे १६, हायड्रोजनचे १०, नायट्रोजनचे २ आणि ऑक्सिजनचे २ अणू असतात. वजनांची बेरीज करून पाहा: (१६ × १२) + (१० × १) + (२ × १४) + (२ × १६) = २६२. या रेणूला हायड्रोजनचे आणखी दोन अणू मिळाले की त्याचा रेणुभार २६४ होतो आणि निळा रंग नाहीसा होतो. या रूपाला ‘पांढरी नीळ’ म्हणतात. एखाद्या पदार्थाला हायड्रोजन मिळणे किंवा त्याच्याकडचा ऑक्सिजन जाणे, याला ‘क्षपण’ म्हणतात. नेमके सांगायचे तर पदार्थाला इलेक्ट्रॉन मिळणे म्हणजे क्षपण. उलट इलेक्ट्रॉन जाणे म्हणजे ‘ऑक्सिडीकरण’. लोखंड गंजते तेव्हा त्याचे ऑक्सिडीकरण होते. भट्टीत खनिजापासून लोखंड मिळते तेव्हा क्षपण होते.

पांढरी नीळ नुसत्या पाण्यात फारशी विरघळत नाही, पण पाणी अल्कधर्मी असेल तर तिचे लवण बनते आणि ते चांगले विरघळते. त्याचा रंग पिवळा असतो. मावशींच्या रांजणातले सोनेरी पाणी ते हेच. म्हणून रांजणाला दोन गोष्टी लागतात: क्षपण करणारे काहीतरी, आणि अल्कली. अल्कलीचे काम चुना करतो. क्षपणाचे काम गूळ आणि जिवाणू मिळून करतात. गुळात थोडे ग्लुकोज व फ्रुक्टोज असते. या साखरा स्वतः इलेक्ट्रॉन देऊ शकतात. शिवाय त्या खाऊन अल्कलीत जगणारे जिवाणू वाढतात. त्या बंद, कोंदट रांजणात त्यांना ऑक्सिजन मिळत नाही, म्हणून आपल्या अन्नातले इलेक्ट्रॉन ते निळीच्या माथी मारतात. त्यांच्या दृष्टीने नीळ ही फक्त इलेक्ट्रॉन टाकायची जागा आहे. ती पिवळी झाली काय किंवा कापडावर चढली काय, त्यांना सोयरसुतक नाही!

आता माझी चूक तुमच्या लक्षात आली असेल. मी रुमाल खळबळला तेव्हा पाण्यात हवा कोंबत होतो. हौदात माणसे जे जाणूनबुजून करतात तेच मी नको तिथे केले. हवेतल्या ऑक्सिजनने पांढऱ्या निळीचे रांजणातच ऑक्सिडीकरण झाले. विरघळलेली नीळ पुन्हा अविद्राव्य झाली आणि तिचे कण रुमालाच्या आत शिरण्याऐवजी वरच चिकटले. वरवर चिकटलेला रंग बोटाला लागणारच.

तरोटा आणि पेंढ्याची चटई

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गेलो तेव्हा मावशी एका भांड्यात काहीतरी शिजवत होत्या. उचकून पाहिले तर बिया, तपकिरी, तिरप्या कापलेल्या दंडगोलासारख्या. ‘तरोटा,’ त्या म्हणाल्या. आमच्याकडे पश्चिम महाराष्ट्रात ज्याला टाकळा म्हणतात तीच ही वनस्पती. पावसाळ्यात पडीक जमिनीवर, रस्त्याच्या कडेला ती माजते आणि तिच्या कोवळ्या पानांची भाजी करतात. तिच्या बियांचा काढा निळीच्या रांजणात घालण्याची रीत आपल्या देशात फार जुनी आहे. पुणे-सोलापूरकडे निळीने कापड रंगवण्याचा धंदा करणाऱ्यांना ‘निराळी’ म्हणत, तेही टाकळ्याचे बी वापरीत. दक्षिणेतही ते वापरतात.

बियांनीच काय होते? शिजलेल्या बिया बुळबुळीत होतात आणि जिवाणूंना अन्न पुरवतात, एवढे तर उघड आहे. पण त्यांत अँथ्राक्विनोन वर्गातली द्रव्येही असतात. ही द्रव्ये इलेक्ट्रॉन सहज घेतात आणि सहज देतात. निळीचा कण घन असतो, जिवाणूही त्याच्यापासून थोडा दूर असतो. अशा वेळी ही द्रव्ये दोघांमध्ये हमालासारखी खेप करतात. युरोपातले रंगारी आपल्या निळीच्या पिंपात मंजिष्ठाच्या जातीचे मूळ घालीत. त्याच्यातही याच वर्गातली द्रव्ये असतात. एकमेकांना कधीही न भेटलेल्या दोन देशांतल्या रंगाऱ्यांनी दोन वेगळ्या झाडांतून एकच हमाल शोधून काढला, हे मला त्या दिवशी कळलेल्या सर्व गोष्टींत अधिक नवलाचे वाटले.

जपानी माणसांची वाट थोडी निराळी आहे. त्यांचे निळीचे झाड तुरीच्या कुळातले नाही, आपल्या आंबट चुक्याच्या कुळातले आहे. त्याची पाने वाळवून, त्यांचा ढीग घालून, त्यावर पाणी शिंपडून व पेंढ्याच्या चटया पांघरून ती कुजवतात. ढीग वरचेवर वरखाली करतात. सुमारे शंभर दिवसांनी पानांचे काळसर खत होते, त्याला ‘सुकुमो’ म्हणतात. शिकोकू बेटावरचा तोकुशिमा प्रांत या कामासाठी प्रसिद्ध आहे. म्हणजे आपण नीळ पाण्यात काढून तिच्या वड्या करतो. ते पाल्यासकट, जिवाणूंसकट साठवतात. रांजणात मात्र गोष्ट तीच. चुना आहेच, जोडीला लाकडाच्या राखेचे पाणी. गुळाच्या जागी गव्हाचा कोंडा आणि तांदळाची दारू. थंडीत जिवाणू सुस्त होतात म्हणून तिकडे चार रांजणांच्या मध्ये खड्डा करून त्यात भुसा धुमसत ठेवतात. वर्ध्याच्या डिसेंबरात गोणपाटावर भागते. आणि पृष्ठभागावरच्या त्या निळ्या फेसाला जपानी रंगारी ‘निळीचे फूल’ म्हणतात. फूल उमलले की रांजण तयार. मावशीही झाकण काढल्याबरोबर आधी फेसच पाहतात.

त्या सकाळी फेस पुन्हा चढला होता. मावशींनी पाण्याचा एक थेंब अंगठा आणि बोट यांत चोळून पाहिला, वास घेतला आणि चिमूटभर चुना टाकला. साखर खाता खाता जिवाणू आम्ले तयार करतात. चुना कमी पडला तर रांजण आंबतो, जास्त झाला तर जिवाणूच मरतात. आपण प्रयोगशाळेत यासाठी सामू मोजतो. तो साधारण १० ते ११ च्या दरम्यान असावा लागतो. मावशींनी पट्टी वापरली नाही. मी खिशातली लिटमसपट्टी बुडवून पाहिली, ती निळी झाली. पण निळीच्या पाण्यात निळी झालेली पट्टी काय सिद्ध करते, असे त्यांनी विचारले आणि मी गप्प बसलो.

या वेळी मी रुमाल पिळून, त्यातली हवा काढून, हळूच पाण्याखाली नेला. तळाच्या गाळाला लागू दिला नाही. पाच मिनिटे हात न हलवता उभा राहिलो. मग पाण्यालगतच पिळून बाहेर काढला आणि उलगडला. सुरुवातीला सांगितलेला हिरवा रुमाल तो हाच. हवेत उलगडताच धाग्यांच्या आत शिरलेल्या पांढऱ्या निळीचे ऑक्सिडीकरण झाले, हायड्रोजनचे दोन अणू गेले, आणि अविद्राव्य नीळ धाग्यातच अडकून पडली. तिला तुरटी लागत नाही, कारण ती कापसाशी रासायनिक बंधाने जोडली जात नाही. ती आत कोंडलेली असते. पाणी तिला विरघळवू शकत नाही, म्हणून धुण्याने जात नाही.

एका बुडीने रंग फिकाच येतो. जास्त वेळ बुडवून ठेवले म्हणून गडद होत नाही. बुडवायचे, हवा द्यायची, पुन्हा बुडवायचे. जपानीत या छटांना वेगवेगळी नावे आहेत. सर्वांत फिकीला ‘कामे-नोझोकी’ म्हणतात, म्हणजे कापडाने रांजणात नुसते डोकावून पाहिले! अगदी गडद ती ‘कोन’. माझ्या रुमालाने पाच बुड्या घेतल्या. शेवटी तो धुऊन, लिंबाच्या पाण्यातून काढून वाळवला. लिंबाचे आम्ल कापडात उरलेला चुना मारते.

तापमापी फुटली

आता थोडा इतिहास सांगतो, कारण वर्ध्यात बसून निळीविषयी बोलताना चंपारण्याचे नाव टाळता येत नाही. बंगाल-बिहारात युरोपीय मळेवाले शेतकऱ्यांकडून सक्तीने निळीचे पीक घेत. चंपारण्यात वीस कठ्ठ्यांच्या प्रत्येक बिघ्यात तीन कठ्ठे नीळ लावलीच पाहिजे, अशी ‘तीनकठिया’ पद्धत होती. ही नीळ जगभर जाई.

तिकडे जर्मनीत अॅडॉल्फ फॉन बायर हे शास्त्रज्ञ नीळ प्रयोगशाळेत बनवण्याच्या मागे होते. १८८० च्या सुमारास त्यांना ती साधली आणि १८८३ मध्ये त्यांनी तिची रेणुरचनाही सांगितली. १९०५ चे नोबेल पारितोषिक त्यांना मिळाले. पण त्यांची कृती इतकी महाग होती की कारखान्यात ती चालेना. स्वस्त कृतीसाठी एक पदार्थ नॅप्थालीनपासून, म्हणजे आपल्या कपाटातल्या डांबरगोळीपासून, बनवायचा होता. तोही नीट बनत नव्हता. असे सांगतात की, बी.ए.एस.एफ. कंपनीत एका प्रयोगाच्या वेळी तापमापी फुटली, तिच्यातला पारा भांड्यात पडला आणि क्रिया झपाट्याने पुरी झाली. पाऱ्याचे संयुग तिथे उत्प्रेरक ठरले. १८९७ मध्ये या कंपनीची नीळ बाजारात आली.

कारखान्यातली नीळ स्वस्त झाली, हिंदुस्थानातल्या निळीचे भाव कोसळले. मग शेतकरी सुटले का? उलट झाले. मळेवाल्यांनी आपला तोटा कुळांवर ढकलला. नीळ लावण्यातून सुटका हवी असेल तर खंडात वाढ द्या किंवा एकरकमी पैसे द्या, असे करार करून घेतले. पुढे १९१४ साली महायुद्ध पेटले, जर्मन नीळ येणे थांबले, भाव चढले, आणि पुन्हा नीळ लावण्याची सक्ती वाढली. एप्रिल १९१७ मध्ये गांधीजी चंपारण्यात पोचले ते राजकुमार शुक्ल नावाच्या तिथल्या शेतकऱ्याने पिच्छा पुरवल्यामुळे. गांधीजींनी हजारो शेतकऱ्यांच्या जबान्या नोंदवल्या आणि १९१८ च्या कायद्याने तीनकठिया बंद झाली. शास्त्राचा शोध चांगला की वाईट, असा निबंधाचा विषय आपल्याकडे दर वर्षी असतो. चंपारण्याचा हा तुकडा त्यात घालून पाहा. उत्तर एवढे सोपे राहत नाही. शोधाने भाव पाडले, पण त्या पडलेल्या भावाचा भार कोणी उचलायचा हे रसायनशास्त्राने ठरवले नव्हते.

आज जगातली बहुतेक नीळ कारखान्यातली आहे. तुमच्या जीनच्या पॅंटीचा निळा रंग तोच. आणि येथे एक गोष्ट स्पष्ट सांगितली पाहिजे: झाडाच्या निळीचा रेणू आणि कारखान्याच्या निळीचा रेणू अगदी एकच आहे. झाडाच्या निळीत इंडिरुबिन हे लाल द्रव्य आणि इतर काही भेसळ थोड्या प्रमाणात असते, त्यामुळे छटेत फरक पडतो एवढेच. ‘नैसर्गिक’ म्हणजे आपोआप निर्धोक, असेही नाही. चुन्याचे पाणी डोळ्यात गेले तर ते नैसर्गिक आहे म्हणून इजा करायचे सोडत नाही. फरक आहे तो रांजणाच्या बाजूला. कारखान्यात गूळ आणि जिवाणूंऐवजी बहुधा सोडियम डायथायोनाइट वापरतात. ते काम मिनिटांत करते, रांजणाला झोपवावे लागत नाही; पण सांडपाण्यात गंधकाची संयुगे जातात, आणि ते पाणी शुद्ध न करता सोडले तर नदीनाल्याला भोगावे लागते. मावशींचा रांजण मात्र रिकामा करावाच लागत नाही. त्यात नीळ, चुना, गूळ घालत राहिले की तो महिनोन्‌महिने चालतो.

मग सगळ्यांनी पुन्हा रांजणाकडे वळावे का? हिशेब करून पाहू. एका पॅंटीला पाच ग्रॅम नीळ लागते असे धरा. शंभर किलो पाल्यातून अडीचशे ते पाचशे ग्रॅम नीळ, म्हणजे पन्नास ते शंभर पॅंटी. एका पॅंटीला एक ते दोन किलो पाला. हे काही फार नाही. पण ते पीक काढायला जमीन, घुसळायला माणसे आणि रांजणाशी बसायला मावशींसारखी सवड व सराव हवा, आणि त्या सर्वांना पुरती मजुरी हवी. ती देऊन कापड स्वस्त होणार नाही. माझ्या रुमालाची किंमत मी दोन दिवस धरून काढली, तेव्हा बाजारातले बारा रुमाल आले असते.

घरी करण्यासारखे

रांजण लावायचा असेल तर शिक्षकांच्या देखरेखीखालीच लावा. चुन्याला हात लावताना मोजे घाला, डोळ्यांना चष्मा लावा. पण एक प्रयोग कोणालाही करता येईल. जुन्या, फाटक्या जीनच्या पॅंटीतून काही धागे उसवून काढा. काही धागे निळे व काही पांढरे मिळतील, कारण ताण्याचे सूत रंगवलेले असते आणि बाण्याचे नसते. निळा धागा ब्लेडने आडवा कापा आणि कापलेले टोक भिंगातून पाहा. बाहेर निळे कडे आणि आत पांढरा गाभा दिसेल. कारखान्यात सूत रंगात झटकन बुडवून झटकन हवेत काढतात, त्यामुळे नीळ फार आत पोचत नाही. पॅंट गुडघ्यावर घासून पांढरी पडते ती याच कारणाने. मग तोच धागा ओल्या पांढऱ्या कापडावर दाबून ओढा आणि कापडाला रंग लागतो का ते पाहा.

माझ्या दोन्ही रुमालांवर मी ही परीक्षा केली. पहिल्या दिवशीच्या रुमालाने कापडावर ठळक निळा पट्टा उमटवला. दुसऱ्या दिवशीच्याने अगदी पुसट. दोन्ही रुमाल आता शाळेच्या प्रयोगशाळेत एकाच काचेखाली ठेवले आहेत. त्यांच्या शेजारच्या बाटलीत तरोट्याच्या बिया आहेत, त्या आठवीच्या मुलांनी शाळेमागच्या पडीक जागेतून गोळा केल्या.